नाटक विसरायचं कशासाठी?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवार पुरवणीतला इटालियन सिनेमावरचा लेख वाचला. मेहनतीने लिहिला आहे. पण 'नाटकातून आलेल्या नटाला कॅमेऱ्यासमोर आधी नाटक विसरावं लागतं' हे त्यातलं विधान खटकलं. रस्त्यावरची साधी माणसं पडद्यावर आणणाऱ्या ज्या सिनेमाचं लेखकाला कौतुक आहे, त्यातले 'बायसिकल थीव्ह्ज'चे दिग्दर्शक दे सिका स्वतः नाटक कंपनीतून आलेले. 'रोम ओपन सिटी'मधली आन्ना मान्यानी आणि आल्दो फाब्रित्सी ही जोडीही करमणुकीच्या रंगमंचावर तयार झालेली. आणि रंगमंच व पडदा दोन्ही गाजवणारे नट व्हित्तोरिओ गासमन यांचं तर लेखात नावही नाही.

१९२२ साली जेनोव्हात जन्मलेले गासमन रोमच्या नाट्य अकादमीत शिकले. दिग्दर्शक व्हिस्कोंतींच्या हाताखाली काम केलं, 'हॅम्लेट' गाजवलं. 'ऑथेल्लो'मध्ये ते आणि साल्वो रान्दोने भूमिकांची अदलाबदल करत. आज ऑथेल्लो झालेला नट पुढच्या खेपेला इयागो. 'झुंझारराव' या 'ऑथेल्लो'च्या मराठी अवताराची परंपरा जाणणाऱ्या आपल्या नाटकवेड्यांना यातली कसरत वेगळी सांगायला नको.

सिनेमाने मात्र त्यांना बरीच वर्षं वायाच घालवलं. १९४९च्या 'रिसो अमारो'मधला देखणा बदमाश लोकांच्या लक्षात राहिला आणि तोच शिक्का बसला. मधली हॉलिवूडची वारीही फारशी फळली नाही.

मग १९५८ साली दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्ली यांनी 'इ सोलिती इन्योती' या भुरट्या चोरांच्या विनोदी चित्रपटात त्यांना घ्यायचं ठरवलं. गासमन आणि विनोद? निर्मात्यांना पटेना. मोनिचेल्ली हटले नाहीत. त्यांनी गासमनचं नाक बदललं, कपाळ झाकलं जाईल इतके केस खाली आणले आणि ज्याच्या शब्दफेकीसाठी लोक तिकीट काढत त्याला चक्क तोतरं केलं. म्हणजे नाटक विसरायलाच लावलं की, असं कुणी म्हणेल. चित्रपट पुन्हा पाहा. गासमनचा पेप्पे हा पडेल मुष्टियोद्धा, पण चालणं-बोलणं एखाद्या सेनापतीचं. छाती पुढे, हात उंचावलेला, आणि वाक्य अर्ध्यात अडकलेलं. हसू येतं ते त्या ऐटीमुळे, आणि ती ऐट थेट शोकांतिकेच्या रंगमंचावरून आलेली आहे.

दिनो रिझी यांच्या १९६२च्या 'इल सोर्पासो'त तर यापुढची गंमत आहे. ऐन ऑगस्टच्या सुट्टीत ओस पडलेल्या रोममधून गासमनचा ब्रूनो एका बुजऱ्या विद्यार्थ्याला आपल्या उघड्या लान्चा गाडीत घालून निघतो. ब्रूनो सतत कुणाला तरी दाखवण्यासाठी जगतो. हॉर्न, गाणी, थापा, सगळं प्रेक्षकांसाठी. शेजारी बसलेला तो विद्यार्थी, म्हणजे नट त्रॅंतिन्यां, हाच त्याचा प्रेक्षक. इथे गासमनने अभिनय 'आवरला' असता तर ब्रूनो उरलाच नसता. वेगळी राहणारी बायको आणि वयात आलेली मुलगी भेटतात तेव्हा त्याचा हा प्रयोग तिथे चालत नाही, आणि तो पडलेला चेहरा क्लोजअपमध्ये दिसतो. दोन्ही माध्यमं एकाच नटाच्या अंगात असल्याशिवाय हे जमत नाही.

याच काळात, १९६० मध्ये, गासमननी 'तेआत्रो पोपोलारे इतालियानो' ही आपली नाट्यसंस्था उभी केली आणि मान्झोनीचं 'आदेल्की' हे पद्यनाटक तंबूत, सर्वसामान्य प्रेक्षकांसमोर केलं. सिनेमात नाव झाल्यावर नाटकाचा तंबू ठोकणारे नट किती? त्यांच्या १९६६च्या 'ब्रांकालेओने' या चित्रपटात तर सगळे संवाद मुद्दाम बनवलेल्या जुनाट इटालियनमध्ये आहेत. पद्य घोळवून तयार झालेल्या जिभेलाच ते पेलावेत.

अल पचिनो यांना ऑस्कर मिळवून देणारा 'सेंट ऑफ अ वुमन' आपल्याकडे अनेकांनी पाहिला असेल. त्याआधीच्या, १९७४च्या मूळ इटालियन चित्रपटातला आंधळा कॅप्टन गासमनचा. १९७५च्या कान महोत्सवात त्यासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. माझ्या मते तो पचिनोपेक्षा अधिक तिरसट आहे, आणि म्हणून अधिक खरा.

लेखमाला पुढे चालू राहणार असेल तर एक भाग या नटावर यावा, ही विनंती. आणि आपल्या फिल्म सोसायट्यांनी दरवर्षी 'बायसिकल थीव्ह्ज' दाखवावाच, पण एखाद्या वर्षी त्याच्या जोडीला 'इल सोर्पासो'ही लावावा.

आपला,
एक वाचक, सांगली