दिन्यास, बडोद्याहून: ईगल, बागुलबुवा आणि माझे नऊ

बडोदं,
रविवार रात्र

प्रिय दिन्या,

परवा फोनवर मी गोल्फचं सांगताना नुसतं "बर्डी झाला रे" म्हटलं आणि तू जो हसत सुटलास, पॅलेसमधला मोर मारलास की काय म्हणून, तेव्हाच ठरवलं की ह्याला एकदा बसून सविस्तर लिहायचं, कारण फोनवर तू मला बोलू देत नाहीस आणि व्हॉट्सॅपवर दोन ओळींच्या वर तू वाचत नाहीस. म्हणून हे पत्र. चहा घेऊन बस.

आणि खरं सांगू का, लिहायचं कारण तो बर्डी नाहीच. आज सकाळी जे झालं ते सांगायचंय, माझ्या हातून एक घोळ पण झालाय, पण तो तुला कळायला आधी थोडी बाराखडी गिरवावी लागेल. जमेल तेवढी पटपट सांगतो.

आपण बडोद्याची माणसं, म्हणजे मोठ्या आकड्यांवर वाढलेली. तुझे आजोबा आठवतात ना, हजारे आणि गुल महंमद, १९४६-४७ ची रणजी फायनल, होळकरांना धुतलं, ५७७ ची पार्टनरशिप, २८८ आणि ३१९, हे ते जेवताना पाढे म्हटल्यासारखे म्हणायचे. आता असल्या डोक्याला सांगायचं की बाबा रे इथे जितके कमी तितका तू शहाणा! मला पहिले सहा महिने ते पचलंच नाही. ११२ करून घरी आलो की बायको म्हणायची "वा, सेंच्युरी", आणि ती टोमणा मारतेय की खरंच कौतुक करतेय ते मला अजून कळलेलं नाही.

तर मुळात पार. प्रत्येक होलला, म्हणजे पहिल्या फटक्याच्या जागेपासून भोकापर्यंतच्या एकेका टप्प्याला, एक आकडा ठरवून दिलेला असतो, की चांगला खेळणारा माणूस एवढ्या फटक्यांत बॉल आत घालेल. त्यात दोन पट धरलेलेच असतात, म्हणजे ग्रीनवर, भोकाभोवतीच्या बारीक कापलेल्या गवतावर, पोचल्यावर हळूच ढकलायचे ते दोन. जवळचा होल असेल तर एका फटक्यात ग्रीन आणि दोन पट, पार तीन. मधला असेल तर पार चार, लांबलचक असेल तर पार पाच. अठरा होलमध्ये बहुतेक ठिकाणी चार होल तीनचे, दहा चारचे, चार पाचचे, कर बेरीज, ७२. शेअरबाजारात शेअर पारला आहे म्हणतात ना, तोच हा शब्द, तिथूनच उचललेला. तू इतकी वर्षं शेअरमध्ये घालवलीस, निदान हे तरी तुला जवळचं वाटेल.

पारपेक्षा एक जास्त लागला की बोगी. रेल्वेची नाही रे! हिची गोष्ट मला फार आवडते. १८९० च्या सुमारास इंग्लंडात एका क्लबाने प्रत्येक होलचा आदर्श स्कोर ठरवून टाकला आणि सगळे त्या आकड्याशी मॅच खेळायला लागले, समोर माणूस नाहीच, नुसता आकडा, आणि तो कधी चुकतच नाही. त्याच वेळी तिकडे बोगीमॅनचं म्हणजे आपल्या बागुलबुवाचं एक गाणं गाजत होतं, तर कोणीतरी वैतागून म्हणालं की हा तर साक्षात बागुलबुवा आहे, दिसत नाही आणि सापडत पण नाही. झालं, नाव पडलं. पुढे त्याला कर्नलची पदवी पण दिली, कर्नल बोगी. म्हणजे मुळात बोगी हा चांगला स्कोर होता बरं का, नंतर अमेरिकन लोकांनी पार कडक केला आणि बिचारा बागुलबुवा एक पायरी खाली घसरला. आणि गंमत बघ, तिकडे बागुलबुवा जन्माला येत होता त्याच १८९० साली इकडे सयाजीरावांचा लक्ष्मीविलास बांधून पुरा होत होता, आणि आज त्याच पॅलेसच्या आवारात मी दर रविवारी बागुलबुवाकडून मार खातोय. दोन जास्त लागले की डबल बोगी, तीन ट्रिपल, त्याच्यापुढे माझा मुक्काम.

आता कमीची बाजू. तिथे सगळे पक्षीच पक्षी. एक कमी म्हणजे बर्डी. अमेरिकेत त्या काळी झकास गोष्टीला बर्ड म्हणायची पद्धत होती, आपण "काय चीज आहे" म्हणतो तसं. अटलांटिक सिटीच्या एका क्लबात मित्रमित्र खेळत होते, एकाचा शॉट मस्त बसला, आणि त्या शब्दाचं बारसं तिथेच झालं असं सांगतात. मग पक्षी धरलाच आहे तर दोन कमी म्हणजे मोठा पक्षी, ईगल. तीन कमी म्हणजे त्याहून मोठा, अल्बाट्रॉस, समुद्रावरचा, आपल्याकडे सूरसागरवर येणार नाही. अमेरिकन लोक त्यालाच डबल ईगल म्हणतात, आता दोन ईगल म्हणजे दोन दुणे चार व्हायला पाहिजेत, पण नाही, तीनच. ह्यावर आमच्या ग्रुपमध्ये तासभर वाद झालाय. आणि चार कमी असतील तर काँडोर, म्हणजे अमेरिकेतलं अवाढव्य गिधाड. आयुष्यातला सगळ्यात भारी स्कोर आणि नाव काय तर गिधाड. काँडोर जगात आजवर बोटांवर मोजण्याइतकेच झालेत. २००२ साली डेन्व्हरला एकाने ५१७ यार्डांचा पार पाच एका फटक्यात आत घातला, तिथे उंचीमुळे हवा विरळ, बॉल जास्त लांब जातो, तरी पण एका फटक्यात! आणि २०२० मध्ये कॅलिफोर्नियात लेक शॅबोला पार सहाचा होल आहे, ६४९ यार्डांचा, तो एकाने दोन फटक्यांत संपवला.

तू विचारशील की होल-इन-वन कुठे गेला ह्यात, कारण सिनेमामुळे म्हण किंवा कशामुळे म्हण, लोकांना तेवढाच माहीत असतो. होल-इन-वन म्हणजे एका फटक्यात आत, पण तो बहुतेक वेळा पार तीनवरच होतो, म्हणजे हिशेबाने तो ईगलच. आणि इथे माझं एक मत आहे, ग्रुपमध्ये कोणाला पटत नाही, तरी सांगतो. होल-इन-वनचं नको तेवढं कौतुक होतं. करणाऱ्याने सगळ्या क्लबाला पाजायचं अशी रीत आहे, जपानात तर त्या खर्चाचा विमा काढतात लोक! पण दीडशे यार्डांवर आठ नंबरचं आयर्न म्हणजे लोखंडी डोक्याचा क्लब (मारायचा दांडा, त्याला पण क्लबच म्हणतात) मारायचं, टीवर म्हणजे छोट्या खुंटीवर बॉल छान मांडून, आणि असे चार चान्स प्रत्येक राउंडला मिळतात. कधीतरी एखादा जाईल की घरंगळत. अल्बाट्रॉसला मात्र दोन लांबलचक शॉट एकामागोमाग एक बसले पाहिजेत, आणि दुसरा जमिनीवरून, दोनशे-अडीचशे यार्डांवरून, सव्वाचार इंचाच्या भोकात. १९३५ च्या मास्टर्समध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या मोठ्या स्पर्धेत, जीन सॅराझेन शेवटच्या दिवशी तीन शॉटने मागे होता, चारच होल उरलेले, पंधराव्यावर २३५ यार्डांवरून चार नंबरच्या लाकडी क्लबने मारला आणि बॉल आत, पार पाचवर दोन. तीन शॉटची पिछाडी एका फटक्यात साफ. दुसऱ्या दिवशी छत्तीस होलचा प्लेऑफ खेळून जिंकला पण. तसाच २०१२ च्या मास्टर्सला दक्षिण आफ्रिकेच्या ऊस्टहाउझेनने २५३ यार्डांवरून घातला, तो मात्र प्लेऑफमध्ये हरला. आता तुलना म्हणून २००१ ची फिनिक्स ओपन बघ. अँड्र्यू मॅगीने ३३२ यार्डांच्या पार चारवर ड्रायव्हर म्हणजे सगळ्यात लांब जाणारा क्लब मारला, पुढचे लोक अजून ग्रीनवरच पट करत होते, बॉल त्यातल्या एकाच्या पटरला, म्हणजे पट करायच्या क्लबला, लागला आणि वळून होलमध्ये गेला. एका फटक्यात, पार चार, म्हणजे हिशेबाने हा पण अल्बाट्रॉस. आता ह्याला काय कौशल्य म्हणायचं?

बरं, आता आज सकाळचं.

महिन्याची स्पर्धा होती, त्यामुळे कार्ड भरून, सही करून द्यायचं होतं. स्पर्धेत आपलं कार्ड आपण लिहीत नाही, एकमेकांचं लिहितात, मी काकांचा मार्कर आणि काका माझे. काका म्हणजे आमचे दांडिया बाजारातले, वय एकाहत्तर, डाव्या गुडघ्याला पट्टा, खिशात सुपारीची डबी. पार पाचचा होल. काकांचा पहिला शॉट सरळ, फार लांब नाही. दुसऱ्याला मला वाटलं आता मोठा क्लब काढतील आणि जमेल तेवढं पुढे जातील, सगळे तेच करतात. ह्यांनी छोटं आयर्न काढलं. मी म्हटलं काका अहो, अजून चाळीस यार्ड पुढे जाल की. तर म्हणाले, "पुढे गेलो तर पन्नास राहतात, पन्नासला हात अर्धा चालवावा लागतो, आणि अर्धा हात म्हणजे मनात शंका. नव्वद ठेवतो, नव्वदला पूर्ण हात." आणि बरोब्बर नव्वद ठेवले. गेली कित्येक वर्षं हा माणूस रोज संध्याकाळी नव्वद यार्डांचा एकच शॉट मारतो, एकच वेज, म्हणजे जवळच्या शॉटचा क्लब, आणि बादलीभर बॉल. आम्ही त्यावरून त्यांची टिंगल करायचो.

ग्रीन थोडी वर होती, झेंडा अर्धाच दिसत होता. काकांनी मारला, बॉल झेंड्याच्या रेषेत गेला, खाली आला, आणि नाहीसा झाला. आम्ही म्हटलं गेला मागे. वर जाऊन बघतो तर ग्रीनवर बॉल नाही. मग मागच्या गवतात शोधाशोध, चौघं आणि बॅगा उचलणारे दोन कॅडी, वाकून वाकून, एक मोर बाजूला उभा राहून आमच्याकडे बघतोय. शोधायला तीनच मिनिटं मिळतात, त्यानंतर बॉल हरवला समजायचा. काका काही न बोलता परत मागे जायच्या तयारीत, बॅगेतून दुसरा बॉल काढलेला. तेवढ्यात आमचा कॅडी, वीस-बावीस वर्षांचा पोरगा, झेंड्याला टेकून उभा होता तो म्हणतो, "साहेब, काणामां जोयुं?"

भोकात कोणीच बघितलं नव्हतं.

बॉल आत बसलेला, झेंड्याच्या काठीला चिकटून. पार पाचवर तीन, ईगल. काकांनी वाकून उचलला, गुडघ्यामुळे त्यांना अर्धा मिनिट लागलं, रुमालाने पुसला, खिशात टाकला आणि सुपारी काढली. एवढंच. मी असतो तर मांडवीपर्यंत वरात काढली असती.

आणि माझं त्याच होलवर काय झालं ते पण ऐक. पहिला झाडीत, दुसरा झाडाला लागून पायाशी, तिसऱ्याने कसाबसा बाहेर, चौथा बंकरमध्ये म्हणजे वाळूच्या खड्ड्यात, पाचवा बंकरमध्येच, सहावा बाहेर पण ग्रीनच्या पलीकडे, सातवा ग्रीनवर, आणि दोन पट. नऊ. चार जास्त, म्हणजे काँडोरचा बरोब्बर उलटा आकडा. असल्या कामगिरीला कोणी पक्ष्याचं नाव दिलेलं नाही.

घोळ पुढे आहे. मार्करच्या कार्डावर एक रकाना खेळाडूचा असतो आणि बाजूला एक आपला स्वतःचा, लक्षात राहावं म्हणून. मी त्या धांदलीत काकांच्या रकान्यात लिहिले नऊ आणि माझ्या रकान्यात तीन. आणि मला पत्ता नाही! राउंड संपला, टेबलाशी बसलो, कार्ड पुढे सरकवलं, पेन पण दिलं. काकांनी चष्मा काढला, दुसरा चष्मा लावला, आणि एकेक होल बोट ठेवून वाचायला लागले. मी मनात म्हणतोय, काका, उसळ थंड होतेय. त्या होलवर बोट थांबलं. माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, "ईगल तुझा होता का रे?"

मला दरदरून घाम फुटला, कारण नियम असा आहे की सही केल्यावर खऱ्यापेक्षा जास्त आकडा लिहिलेला असला तर तोच कायम होतो, आणि कमी लिहिलेला असला तर खेळाडू बाद. म्हणजे काकांनी न वाचता सही केली असती तर त्यांचा ईगल माझ्या हाताने नऊ झाला असता, आणि त्यावर अपील नाही. १९६८ च्या मास्टर्समध्ये हेच झालं होतं. अर्जेंटिनाचा रॉबर्टो दे व्हिसेंझो, त्याच दिवशी त्याचा पंचेचाळिसावा वाढदिवस, सतराव्या होलवर बर्डी केला, तीन, सगळ्या जगाने टीव्हीवर बघितला. मार्करने चुकून चार लिहिले. ह्याने सही केली. एका शॉटने प्लेऑफ हुकला, आणि विजेत्याचा हिरवा कोट दुसऱ्याच्या अंगावर गेला. मी ही गोष्ट ग्रुपमध्ये कमीत कमी दहा वेळा सांगितली असेल, त्या मार्करला नावं ठेवत.

काकांनी आकडे खोडून घेतले, सही केली आणि स्पर्धेत तिसरे आले. पहिल्या दोघांत एक पण ईगल नव्हता, हे मी त्यांना मुद्दाम सांगितलं, त्यांनी नुसती मान हलवली. उसळीचे पैसे त्यांनीच दिले, कॅडीची पण प्लेट धरून. मी देतो म्हटलं तर म्हणाले तू नऊ मारलेस, तू दमला असशील.

डिसेंबरात येणार आहेस ना? नक्की ये, वहिनींना पण आण, तुला पहाटे उठवून नेतो, नुसता चाल बरोबर, खेळू नकोस. आणि येताना तुमच्या पुण्याची बाकरवडी आणू नकोस, मागच्या वेळचं तुझं आणि बायकोचं भांडण अजून मिटलेलं नाही.

कार्डाचा फोटो वेगळा पाठवतो. मधे जिथे खोडाखोड दिसेल ते माझं अक्षर.

तुझा,
बाळ्या

ता. क. उद्या संध्याकाळी मी एक वेज आणि बादलीभर बॉल घेऊन जातोय. नव्वद नाही, माझं सत्तरच आहे. कोणाला सांगू नकोस.