जागरण अख्खं दाखवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मोबाइलनं लोककला मोडीत काढल्या, असा सूर वाचकांच्या पत्रांतून वरचेवर निघतो. माझा मंडप-स्पीकरचा धंदा आहे. रात्रीच्या रात्री मिक्सरपाशी जातात. मला काही हे पटत नाही.

इंडोनेशियातल्या जावा बेटावर चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ होतो, वायांग कुलित. रात्री उभा राहिला की पहाटेलाच उठतो. गोष्टी बहुतेक रामायण-महाभारतातल्या. तिथले लोक हे खेळ यूट्यूबवर थेट बघतात, तेही अख्खे. कॅमेरा पडद्यावर सावल्या दिसतात त्या बाजूला नसतो, बाहुल्या नाचवणाऱ्या दालांगच्या बाजूला असतो. त्याची बोटं, भोवतीचे वादक, गाणाऱ्या बायांशी चाललेली थट्टा, सगळं दिसतं. मध्यरात्र उलटली की विदूषक येतात. आमच्याकडच्या पोऱ्यानं विचारलं, "मालक, पांडव तर वळखू आले, पर ह्यो ढेरपोट्या कोण?" तो बागोंग. व्यासांच्या महाभारतात तो नाही, जावाच्या लोकांनी घातलेला. राजालाही तोंडावर बोलतो.

सेनो नुग्रोहो या दालांगचा बागोंग फार गाजला. २०२० साली गर्दीला बंदी आली, तेव्हा मोजके कलाकार घेऊन त्यांनी घरूनच थेट खेळ केले. परमुलखात पोटासाठी गेलेले जावाचे लोक तिकडून बघायचे. त्याच वर्षी नोव्हेंबरात ते वारले. खेळ आजही यूट्यूबवर आहेत.

आता आपलं बघा. आमच्या माळेगावची खंडोबाची यात्रा मार्गशीर्षात, येळवशीच्या म्हणजे वेळा अमावास्येच्या आगेमागे भरते. नेमकी त्याच वेळी आमच्याकडची किती तरी घरं कोयता घेऊन कारखान्याच्या फडावर असतात. खंडोबाचं जागरण त्यांच्यापर्यंत पोचतं ते अर्ध्या मिनिटाच्या रीलमधून. त्यात मुरळीची एक गिरकी, बस. बाणाईच्या लग्नाचं आख्यान कुठंच नाही. दिमडीचा आवाजही फाटलेला, कारण मोबाइल थेट बॉक्सच्या तोंडाशी धरलेला असतो. दिमडीला वेगळा माइक, तुणतुण्याला वेगळा आणि मिक्सरमधून सरळ वायर मोबाइलला, एवढं केलं तरी आवाज स्वच्छ जातो. फार खर्चाचं काम नाही हे.

गावोगावच्या जत्रा कमिट्यांनी बॅनरच्या खर्चातून थोडं इकडं वळवावं. मात्र वाघ्या-मुरळीला विचारल्याशिवाय काही दाखवू नये, आणि चॅनेल त्यांच्याच नावानं काढून द्यावा. रात्रभर घसा त्यांनी फोडायचा आणि पैसा भलत्यानंच खायचा, असं व्हायला नको.

मिक्सरमधून लाइन द्यायचे मी पैसे घेत नाही. फक्त आदल्या दिवशी सांगावं. तळी उचलायच्या टायमाला वायर मागत येऊ नये.

आपला,
एक मंडप-स्पीकरवाला
ता. लोहा, जि. नांदेड