पंचायतीच्या नोंदवहीतले बगळे नेमके कोणते?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गोव्यातल्या तिसवाडी तालुक्यातल्या एका पंचायतीची जैवविविधता नोंदवही मध्यंतरी माझ्या पाहण्यात आली. गावाचे नाव लिहीत नाही, कारण कोणाला दोष देण्यासाठी हे पत्र नाही. नोंदवहीची पुष्कळशी पाने मनापासून भरलेली आहेत. आंब्याच्या पानावर नुसते ‘आंबा’ लिहून कोणी थांबलेले नाही. मानकुराद, मुसराद, हिलारियो, फेर्नांदीन असे वेगवेगळे मांडून कुठल्या वाड्यावर कोणता होतो तेही दिले आहे. खाजनातल्या, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या जमिनीतल्या, कोरगुट भातालाही चांगली जागा मिळाली आहे. पक्ष्यांच्या वाट्याला मात्र एकच ओळ आली आहे: ‘बगळे, घारी, बदके, खंड्या, कावळे व इतर स्थलांतरित पक्षी’. कुठे दिसतात, कोणत्या महिन्यात, किती, काहीच नाही.

ही एक ओळ गावाला महागात पडेल असे मला वाटते. 2002 च्या जैवविविधता कायद्यानुसार प्रत्येक पंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी आणि लोकांना विचारून ही नोंदवही तयार करणे हे त्या समितीचे मुख्य काम आहे. उद्या खाजनाचा एखादा तुकडा बुजवायचे किंवा मिठागर मोडायचे घाटले, तर ग्रामसभेत गावकऱ्यांच्या हाती त्यांचा स्वतःचा असा कागद हाच. ‘बगळे काय, गुरांमागे रस्त्यावरही फिरतात, जातील दुसरीकडे,’ असे कोणी म्हणाले तर त्या ओळीच्या जोरावर उत्तर देता येत नाही. तिथे जर ‘कोरल, डिसेंबर ते मार्च, मानशीजवळचा उघडा चिखल’ (मानस म्हणजे बांधातले पाण्याचे दार) असे लिहिलेले असेल आणि पुढे आकडा असेल, तर बोलायला आधार मिळतो. कोरल जगभर कमी होत चाललेला पक्षी आहे. खाली वाकलेली लांबलचक चोच चिखलात खुपसून तो किडे आणि खेकडे काढतो. त्याचा चिखल गेला तर गुरांमागे फिरून त्याचे पोट भरणार नाही.

मी चोडणची. बांबोळीला इस्पितळाच्या प्रयोगशाळेत नोकरीला आहे. सकाळी फेरीबोटीने रायबंदरला उतरायचे आणि कॉजवेवरून पणजीकडे जायचे, हा माझा रोजचा रस्ता. 1633-34 मध्ये पोर्तुगीजांनी बांधलेल्या या कॉजवेलगत मिठागरे आहेत, खारफुटी आहे, आणि बसच्या खिडकीतूनही इथे जेवढे पक्षी दिसतात तेवढे पाहायला लोक दूरदूरच्या देशांतून पैसे खर्चून गोव्यात येतात. त्यामुळे जे लिहिते आहे ते याच पट्ट्यात पाहिलेले आहे.

बगळ्यांचेच घ्या. ‘बगळा’ या एका नावाखाली आपल्या खाजनात निदान पाच वेगळे पक्षी उभे असतात. मोठा बगळा आणि मध्यम बगळा लांबून सारखेच दिसतात, पण जबड्याची रेघ बघावी: मोठ्याची डोळ्याच्याही मागे जाते, मध्यमाची डोळ्याखालीच संपते. गायबगळा त्यांच्यापेक्षा बुटका, आखूड मानेचा, पिवळ्या चोचीचा. पावसाच्या तोंडावर त्याचे डोके आणि पाठ केशरी होते. छोट्या बगळ्याची चोच काळी, पाय काळे आणि पंजे तेवढे पिवळेधमक. पाचवा समुद्री बगळा. याची दोन रूपे. एक पाटीसारखे करड्या रंगाचे, हनुवटीखाली पांढरा ठिपका असलेले. ते ओळखायला अवघड नाही. दुसरे संपूर्ण पांढरे, आणि तेच छोट्या बगळ्यात बेमालूम मिसळून जाते. तिथे चोचीकडे लक्ष द्यावे. समुद्री बगळ्याची चोच जाड, बहुधा पिवळट तपकिरी आणि टोकाकडे किंचित वाकलेली असते.

रंगापेक्षाही मला वागणे जास्त भरवशाचे वाटते. ओहोटी लागून मानशीतून पाणी बाहेर पडू लागले की दोघेही तिथे येतात. छोटा बगळा एक पाय पुढे टाकतो आणि पिवळा पंजा चिखलात थरथरवत राहतो. दडलेले मासे हलले की तो झडप घालतो. समुद्री बगळा अंग चोरून, वाकून उभा राहतो, एकदम धावत सुटतो, मध्येच पंख अर्धे उघडतो, वळतो आणि चोच मारतो. पाच मिनिटे शांत उभे राहिले तर दुर्बिणीशिवायही हा फरक दिसतो.

आता मुख्य मुद्द्याकडे येते. आपली खाजने माणसाने राखलेली जमीन आहे. बांध, मानस आणि ती उघड-बंद करणारा माणूस, या तिघांवर ती टिकते. पावसात भात, कापणीनंतर पाणी, मासळी आणि उघडा चिखल. या उघड्या चिखलावर आणि कापलेल्या शेतांवर पाणटिवळे, तुतवार, चिखल्या, शेकाटे, पाणलावे असे चिखलात चरणारे पक्षी जगतात. बांध फुटला आणि वेळेवर बांधला नाही की खारे पाणी शेतात कायमचे शिरते आणि काही वर्षांत खारफुटी उभी राहते. वरून हिरवेगार दिसते. पक्षीही दिसतात. पण ते दुसरे पक्षी असतात. दाट खारफुटीत पाणटिवळ्याला काही मिळत नाही; त्याला चारी बाजू मोकळ्या दिसाव्या लागतात.

खारफुटीविरुद्ध माझे काहीही म्हणणे नाही. आमच्या बेटाच्या टोकाला असलेले सलीम अली पक्षी अभयारण्य, 1988 साली जाहीर झालेले आणि फक्त 178 हेक्टरांचे, खारफुटीचेच आहे. पांढऱ्या गळपट्टीचा निळसर हिरवा खंड्या पश्चिम किनाऱ्यावर फार थोड्या ठिकाणी दिसतो, त्यांपैकी एक ठिकाण ते. नेहमीच्या खंड्याचे डोके चॉकलेटी असते, तेव्हा दोघांत गल्लत व्हायचे कारण नाही. किनाऱ्याला खारफुटी हवीच. पण ती शेतात शिरते तेव्हा कोण आले आणि कोण गेले हे कळायला हवे, आणि ज्या नोंदवहीत ‘स्थलांतरित पक्षी’ एवढेच लिहिले आहे तिच्यातून ते कधीच कळणार नाही. दहा वर्षांपूर्वीही पक्षी होते, आजही आहेत, म्हणजे सगळे ठीक, असाच अर्थ त्यातून निघतो. पाणटिवळे निघून गेल्याचा पुरावा गावाकडे नसतो, कारण ते होते हेच कुठे लिहिलेले नसते. बांध दुरुस्त करा म्हणून शेतकरी किती वर्षे अर्ज करत असतात! त्या अर्जाला पक्ष्यांची यादी जोडता आली तर त्याचे वजन वाढेल, आणि शेतकरी व पक्षीप्रेमी एकाच बाजूला उभे राहतील.

थंडी पडली की दैनिकांतून ‘सायबेरियातून आलेले पाहुणे’ या ओळीखाली फोटो येतात, त्याबद्दलही थोडे लिहायला हवे. सगळेच पाहुणे सायबेरियाचे नाहीत. मोरजीच्या वाळूवर जमणारा तपकिरी डोक्याचा कुरव हा समुद्रपक्षी लडाख आणि मध्य आशियातल्या उंच सरोवरांकाठी घरटी करतो, म्हणजे त्यातले काही आपल्याच देशातून येतात. त्याच थव्यात काळ्या डोक्याचा कुरवही असतो. हिवाळ्यात दोघांचीही डोकी पांढरी, डोळ्यामागे फक्त काळसर ठिपका, म्हणून डोके बघून काही साधत नाही. उडताना पंख बघावेत. पूर्ण वाढलेल्या तपकिरी डोक्याच्या कुरवाच्या पंखांची टोके काळी आणि त्या काळ्यात पांढरे ठिपके. काळ्या डोक्याच्या कुरवाच्या पंखाची पुढची कड पांढरीशुभ्र. मार्च उजाडला की डोक्यांवर रंग चढू लागतो आणि मग काम सोपे होते, पण तोवर त्यांची जायची वेळ झालेली असते.

शाळांतल्या मुलांना राज्यपक्षी पाठ असतो: काळे डोके, पिवळे अंग, लाल गळा असलेला बुलबुल. तो घाटाच्या रानात राहतो, मोले-बोंडल्याकडे. चोडणच्या, दिवाडीच्या, करमळीच्या मुलाला तो दारात दिसणार नाही. त्याच्या दारात शेकाट्या आहे, वंचक हा तपकिरी ढोकरी बगळा आहे, अडई हे बदक आहे. करमळीच्या तळ्यावर तर अडई थव्याथव्यांनी बसतात. नोंदवहीचे पक्ष्यांचे पान शाळेतल्या मुलांकडूनच भरून घ्यावे असे मला फार वाटते. त्यांची नजर तीक्ष्ण असते आणि गावातल्या जाणत्यांना विचारायला ती संकोचत नाहीत. मानशीवर रात्री जाळे लावणाऱ्या माणसाला कोणता पक्षी कोणत्या भरतीला येतो हे ठाऊक असते. ते आजवर कोणी लिहून घेतलेले नाही इतकेच.

मोजायची वेळ भरतीची धरावी. ओहोटीला पक्षी चिखलभर पांगतात. भरतीने चिखल झाकला की तेच सगळे मिठागरांच्या बांधांवर दाटीने विश्रांतीला बसतात आणि एका जागी उभे राहून मोजता येतात. अशा वेळी जवळ जाऊन त्यांना उडवू नये. पुढच्या ओहोटीपर्यंत त्यांची तेवढीच विश्रांती असते. फोटोच्या नादात बांधावरून चालत जाणारे हल्ली वाढले आहेत, त्यांना ही हात जोडून विनंती. फोनमधली मर्लिनसारखी पक्षी ओळखणारी अॅप मदत करतात, पण अॅपने नाव सांगितले तरी चोच, पाय आणि वागणे आपण पाहिले का, हे लिहावे. आणि ओळख पटली नाही तर तसेच नोंदवावे. पाणलावा उडाला आणि पंखाच्या मागच्या कडेची पांढरी रेघ दिसली की नाही याची खात्री नसेल, तर ‘पाणलावा, जात अनिश्चित’ ही नोंदही खरी आणि कामाची आहे.

जानेवारीत आशियाई पाणपक्षी गणना असते, ती 1987 पासून चालू आहे. फेब्रुवारीत चार दिवस अंगणातल्या आणि परिसरातल्या पक्ष्यांची जागतिक गणना होते. तिच्यात पंधरा मिनिटे एका जागी उभे राहून केलेली यादीही चालते. किनाऱ्यालगतच्या प्रत्येक पंचायतीने या दोन गणनांत आपल्या गावापुरता भाग घ्यावा आणि तीच यादी तारीख, जागा व आकड्यांसह नोंदवहीला जोडावी. यासाठी वेगळा निधी लागत नाही.

आपल्याकडेही एक मागणे आहे, संपादक महोदय. भरती-ओहोटीच्या वेळा आणि आठवड्याला पक्ष्यांची एक जोडी छापावी: एकमेकांसारखे दिसणारे दोन पक्षी, दोन फोटो शेजारी शेजारी, आणि फरक कुठे बघायचा ते दोन ओळींत. पहिल्या आठवड्याला छोटा बगळा आणि पांढरा समुद्री बगळा घ्यावेत. जानेवारीत हे दोघे मांडवी-जुवारीच्या काठी शोधायला फार लांब जावे लागणार नाही.

आपली नम्र,
एक वाचक, चोडण-तिसवाडी