कझानच्या आपांना, उदगीरहून

प्रिय आपा,

तुमचं नाव मी इथे लिहिणार नाही. तुमच्या शाळेला तिकडच्या रिवाजाप्रमाणे क्रमांक होता, तोही लिहिणार नाही. पत्र सगळ्यांसमोर आहे आणि तुम्ही अजून कझानमध्येच, रशियातल्या तातारस्तान प्रजासत्ताकाच्या राजधानीत, राहता, म्हणून एवढी काळजी. पण ‘आपा’ म्हणायला हरकत नाही. मोठी बहीण, मावशी, शाळेतल्या बाई, सगळ्यांना तातार लोक हीच हाक मारतात. पहिल्यांदा कानावर पडली तेव्हा मला आमच्या वाड्यातली आक्का आठवली, आणि परमुलखात आल्यापासून पहिल्यांदाच जरा हायसं वाटलं.

मराठीत लिहितेय, कारण तसं तुम्हीच बजावलं होतं. मी घरच्यांना मोबाईलवर इंग्रजी अक्षरांत मराठी लिहायचे. ते पाहून तुम्ही विचारलंत, तुझ्या भाषेला लिपी नाही का? आहे म्हटल्यावर तुम्ही कपाटातून एक पत्र्याचा डबा काढलात. त्यात तुमच्या आजीची पत्रं होती, अरबी लिपीतली. १९२०च्या दशकाच्या अखेरीस ती लिपी गेली आणि लॅटिन आली. तुमची आई त्या लिपीत पाटी गिरवायला शिकली. १९३९मध्ये लॅटिनही गेली, रशियनची सिरिलिक आली, आणि तुम्ही तिच्यात वाढलात. एका घरातल्या तीन बायका, बोली एकच, आणि आजीचं पत्र नातीला वाचता येत नाही. आमच्याकडे पणजोबांचे मोडीतले कागद आहेत, तेही आता कुणाला लागत नाहीत, हे मी सांगितलं तेव्हा तुम्ही बराच वेळ गप्प होतात. मग म्हणालात, जी लिपी हातात उरली आहे ती तरी सोडू नकोस. त्या रात्री मी आईला देवनागरीत पहिला निरोप लिहिला. त्याबद्दल पहिले आभार.

२०१५च्या शरदात मी काबान तळ्याजवळच्या तुमच्या घरात भाडेकरू म्हणून आले. मेडिकलची सुरुवातीची वर्षं इंग्रजीतून निभतात, पण वॉर्डात पाऊल ठेवलं की रुग्ण रशियनच बोलतो. तुम्ही मला रोज संध्याकाळी स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसवून रशियन शिकवलंत. तुम्ही चहात दूध घालायचा आणि सोबत किस्तिबी, म्हणजे बटाटा भरलेली तुमच्याकडची पोळी, असायची, त्यामुळे त्या टेबलाशी मला घर आठवून रडू यायचं नाही. शिकवणीचे पैसे विचारले तर म्हणालात, पैसे नकोत, तुझ्या भाषेतला रोज एक शब्द दे.

आणि मग तो खेळ सुरू झाला. माझे आजोबा निजामाच्या राज्यातले, उर्दूत शिकलेले. घरात त्यांचे शब्द रुळलेले. मी ‘किताब’ म्हटलं, तुम्ही ‘किताप’ म्हणालात. दुनियेला दोन्या, हवेला हवा, कलमाला कॅलॅम. तुम्ही ते सगळे एका वहीत लिहिलेत आणि ती वही मला दिलीत. आजोबांचं शिक्षण राज्यकर्त्याच्या भाषेत झालं, घरात मात्र ते मराठीच बोलत राहिले, हे सांगितल्यावर तुम्ही मान हलवलीत. तुम्हाला आणखी काही समजावून सांगावं लागलं नाही.

संघराज्य म्हणजे काय हे मी शाळेत परीक्षेपुरतं शिकले होते. केंद्रसूची, राज्यसूची, समवर्ती सूची, पाच गुण. ते खरं कळलं तुमच्या टेबलाशी.

तुम्ही सांगायचात, सोव्हिएत काळात कागदावर सगळं होतं. १९२० सालापासून तातार स्वायत्त प्रजासत्ताक होतं, त्याची सरकारं होती, मंडळं होती. सत्ता मात्र कम्युनिस्ट पक्षाकडे होती, आणि पक्षाचा हुकूम मॉस्कोहून यायचा. पक्ष खचायला लागला तेव्हा तोच पोकळ कागद एकदम भरीव झाला. ऑगस्ट १९९०मध्ये रशियाचे नेते बोरिस येल्त्सिन कझानला आले आणि म्हणाले, जेवढं गिळता येईल तेवढं सार्वभौमत्व घ्या. त्याच महिन्याच्या ३० तारखेला तातारस्तानने सार्वभौमत्व जाहीर केलं. २१ मार्च १९९२ला सार्वमत झालं, ६१ टक्क्यांहून अधिक मतं बाजूने पडली. दहा दिवसांनी बाकीच्या प्रांतांनी मॉस्कोत संघराज्याच्या करारावर सह्या केल्या, तेव्हा तातारस्तान आणि चेचेन-इंगुश बाहेर राहिले. तुम्ही तेव्हा तिशीतल्या शिक्षिका. मतदानाच्या दिवशी आईला हाताला धरून नेलंत, ती लॅटिन लिपीत शिकलेली आई, हे तुम्ही मला किमान तीन वेळा सांगितलं असेल.

त्यापुढचं मला अजूनही विलक्षण वाटतं. चेचन्यावर डिसेंबर १९९४मध्ये रणगाडे गेले. त्याच वर्षी १५ फेब्रुवारीला तातारस्तानने मात्र मॉस्कोशी करार केला होता. कोणते अधिकार कुणाचे, कर कुणी गोळा करायचा, तेलाचं काय, हे बोलून ठरलं. अल्मेत्येव्स्कच्या बाजूला तेलाच्या मोठ्या विहिरी, पैसा प्रचंड, भांडायला कारणं भरपूर, आणि तरी एक गोळी सुटली नाही. १९९८पर्यंत चाळीसहून अधिक प्रांतांनी मॉस्कोशी असे करार केले. कझानमध्ये मुलांना आठवड्याला पाच-सहा तास तातार शिकवली जाऊ लागली, घरची भाषा रशियन असलेल्या मुलांनासुद्धा. तुमची नोकरी पक्की झाली ती त्या दिवसांत.

पण तुमचे खरे उपकार हे, की तुम्ही मला गोड गोष्ट सांगून थांबला नाहीत. मिन्तिमेर शायमियेव हे आधी पक्षाचे प्रांतिक प्रमुख, मग तातारस्तानचे राष्ट्राध्यक्ष. १९९१ आणि १९९६, दोन्ही निवडणुकांत त्यांच्यासमोर उमेदवारच नव्हता. हे तुम्ही स्वतः सांगितलंत. मॉस्कोकडून अधिकार आले, ते कझानच्या क्रेमलिनपर्यंत, म्हणजे किल्ल्यातल्या सरकारपर्यंत आले आणि तिथेच राहिले, गावच्या सभेपर्यंत फारसे उतरले नाहीत, असं तुमचं म्हणणं. करार दोन खुर्च्यांमधला होता. मॉस्कोतल्या खुर्चीवरचा माणूस बदलला आणि कझानच्या खुर्चीमागे उभं राहायला लोकांना सवयच नव्हती. वर्गातल्या रशियन मुलांना दिलेली तातारची पुस्तकं त्यांच्या कुवतीची नव्हती, घरात एकही तातार शब्द नसलेलं पोर त्या धड्यांपुढे हतबल व्हायचं, पालक चिडायचे, आणि त्यांचं चिडणं खोटं नव्हतं, हेही तुम्हीच सांगितलंत. तुमची स्वतःची बाजू मांडतानाही तुम्ही समोरच्याचं दुखणं लपवलं नाहीत. मी आजवर ऐकलेल्या राजकारणाच्या गप्पांत असं क्वचितच पाहिलंय.

२०००च्या मे महिन्यात पुतिन यांनी देशाचे सात विभाग करून त्यांवर आपले प्रतिनिधी नेमले. प्रांतांचे प्रमुख संसदेच्या वरच्या सभागृहात बसत, तेही बंद झालं. सप्टेंबर २००४मध्ये बेस्लानच्या शाळेत ओलीस धरलेल्या शेकडो लोकांचा, त्यात कितीतरी मुलांचा, बळी गेला. त्याच महिन्यात जाहीर झालं की गव्हर्नर, म्हणजे प्रांतांचे प्रमुख, यापुढे थेट निवडले जाणार नाहीत. शाळेतल्या दहशतवादी हल्ल्याचा आणि दूरच्या प्रांतातल्या मतपेटीचा संबंध काय, हा तुमचा प्रश्न मला अजून सुटलेला नाही. पुढे प्रांत एकमेकांत मिसळून देशाच्या ८९ घटकांचे ८३ झाले. २०१२मध्ये निवडणुका परत आल्या, पण उमेदवाराला आधी स्थानिक लोकप्रतिनिधींच्या सह्या आणायची अट घालून. रशियन भाषेत याला सत्तेची उभी रेषा म्हणतात. मी तुम्हाला आमच्या उतरंडीचं चित्र काढून दाखवलं होतं, एकावर एक रचलेली मडकी. तळाचं मडकं हलवता येत नाही. तुम्ही ते चित्र फ्रीजवर लावलंत.

लिपीचंही तसंच झालं. १९९९मध्ये तातारस्तानने लॅटिनकडे परतायचा कायदा केला होता. २००२मध्ये मॉस्कोने ठरवलं की रशियातल्या राजभाषा सिरिलिकमध्येच लिहायच्या, आणि २००४मध्ये घटनात्मक न्यायालयाने त्यावर शिक्का मारला. त्याच निकालात न्यायालयाने प्रजासत्ताकातल्या शाळांत तातार सक्तीने शिकवायला हरकत नाही असंही म्हटलं होतं. ते वाक्य तुम्हाला पाठ होतं.

मग २०१७ साल आलं, आणि ते मी तुमच्या घरात राहून पाहिलं.

२० जुलैला पुतिन शेजारच्या मारी-एल प्रजासत्ताकातल्या योश्कर-ओला शहरात म्हणाले की जी भाषा मातृभाषा नाही ती कुणालाही सक्तीने शिकवणं चालणार नाही. ११ ऑगस्टला मॉस्को आणि कझानमधल्या दुसऱ्या कराराची मुदत संपली. तो २००७चा होता, दहा वर्षांसाठी. कुणी तो फाडला नाही, रद्दही केला नाही. नुसतं नूतनीकरण केलं नाही. त्या संध्याकाळी तुम्ही मला साधेपणाने विचारलंत, तुमच्या महाराष्ट्राची मुदत कधी संपते? मला प्रश्नच कळला नाही. राज्याला मुदत असते? आमचं राज्य १ मे १९६०चं, त्यासाठीच्या आंदोलनात शंभरावर माणसं गेली, एवढं मला ठाऊक होतं. पण ते घटनेत लिहिलेलं आहे आणि दर दहा वर्षांनी कुणाच्या सहीची वाट पाहत नाही, याची किंमत मला तोवर कधी जाणवलीच नव्हती. आमच्या घटनेतही संसद राज्यांच्या सीमा बदलू शकते, हे मी तुम्हाला नंतर वाचून सांगितलं. तुम्ही म्हणालात, मग लक्ष ठेव.

ऑक्टोबरात सरकारी वकिलांच्या कार्यालयातली माणसं शाळांत येऊन वेळापत्रकं तपासू लागली. २९ नोव्हेंबरला तातारस्तानच्या विधिमंडळाने एकमताने मान्य केलं: तातार ऐच्छिक, आठवड्याला फार तर दोन तास, तेही पालकांनी लेखी दिलं तर. घटनेचं ६८वं कलम, ज्यात प्रजासत्ताकांना आपली राजभाषा ठरवायचा हक्क आहे, ते तसंच होतं. शिक्षणाचा कायदा तर पुढच्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये बदलला. वेळापत्रक आधी बदललं होतं.

तुम्ही त्या आठवड्यात शिक्षकखोलीतलं जुनं वेळापत्रक घडी घालून घरी आणलंत. टेबलावर पसरून, पेन्सिलीने एकेक तास खोडत गेलात. किती तास उरले ते मोजलंत आणि म्हणालात, मला आता गणित शिकवायला सांगतायत. रडला नाहीत. मी चहा केला, दूध जास्त झालं, तुम्ही तो संपवलात.

हुकूमशाही म्हटलं की माझ्या डोळ्यांपुढे रणगाडे यायचे. तुमच्या टेबलावरचा तो खोडलेला कागद पाहिल्यापासून तोच येतो.

सप्टेंबर २०१९मध्ये शेजारच्या उदमुर्तियात, इझेव्स्कला, अल्बर्ट राझिन या ७९ वर्षांच्या अभ्यासकाने आपल्या भाषेसाठी विधिमंडळासमोर स्वतःला पेटवून घेतलं. तुम्ही बातमी ऐकली, टीव्ही बंद केला आणि खोलीत गेलात. दुसऱ्या दिवशीही आपण त्यावर बोललो नाही.

त्याच हिवाळ्यात वॉर्डात एक खेड्यातली आजी होती. वेदनेत ती रशियन पार विसरली होती; डॉक्टर विचारायचे आणि ती भिंतीकडे बघायची. मला तुम्ही शिकवलेलं एकच वाक्य आठवलं: कायदा आउर्ता? तुमच्या भाषेत ‘कायदा’ म्हणजे ‘कुठे’. कुठे दुखतंय? ती माझ्याकडे वळली, भडभडा बोलली, त्यातलं मला चार शब्दांपलीकडे काही कळलं नाही, पण तिने माझा हात धरून पोटाच्या उजव्या बाजूला ठेवला. निदान वेळेत झालं. आपा, त्या आजीच्या वतीनेही मी आभार मानते. तिला तुम्ही माहीतच नाही.

२०२०मध्ये मी परतले. २०२२नंतर आपले फोन आखूड झाले, हवापाण्यापुरते. त्या वर्षाच्या डिसेंबरात तुम्ही एवढंच सांगितलंत की राष्ट्राध्यक्ष हा शब्दही जाणार, यापुढे रईस म्हणायचं, म्हणजे नुसता प्रमुख. प्रांताच्या प्रमुखाला राष्ट्राध्यक्ष म्हणवून घेणारं तातारस्तान शेवटचं उरलं होतं. आजोबांच्या उर्दूमुळे तो शब्द मला लगेच कळला, आणि तुम्ही फोनवर का थांबलात तेही.

मी आता उदगीरजवळ प्रॅक्टिस करते. आसपास बंजाऱ्यांचे तांडे आहेत. गेल्या महिन्यात तांड्यावरची एक आजी आली. मराठी तिला येते, पण दुखणं ती गोरमाटीत, त्यांच्या बोलीतच सांगत होती आणि मी मराठीतून पुन्हा पुन्हा विचारत होते. मग एकदम माझ्या लक्षात आलं की त्या खोलीत भिंतीकडे बघणारी कोण आणि पलंगापाशी उभी कोण. मी थांबले. तिच्या नातीला म्हटलं, ‘कुठे दुखतं’ हे तुमच्यात कसं विचारतात ते मला शिकव. तिने तीनदा म्हणून दाखवलं. मी ते वहीत लिहून घेतलं, देवनागरीत, त्याच वहीत, जिच्या पहिल्या पानावर तुमच्या अक्षरात ‘किताप’ आहे.

आभार, आपा. तुमच्या भाषेत, रॅख्मॅत.

तुमची,
उदगीरची भाडेकरू