हॉट चॉकलेटमध्ये निदान चॉकलेट तरी असू द्या!

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत थंडी स्पेशल पानावर हॉट चॉकलेटची रेसिपी आलीये त्याबद्दल लिहितेय. फोटो छानच आहे, पण रेसिपी वाचून खरंच वाईट वाटलं, कारण त्यात चॉकलेट कुठेच नाहीये. दोन चमचे ड्रिंकिंग चॉकलेट पावडर, त्यात वरून दोन चमचे साखर, दाटपणासाठी कॉर्नफ्लॉवर, मग व्हिप्ड क्रीम आणि त्यावर सिरप. ज्याने आयुष्यात पहिल्यांदा हे करून प्यायलं त्याला वाटणार की हॉट चॉकलेट म्हणजे नुसतं गोडमिट्ट चिकट दूध, आणि परत कधी तो त्याच्या वाटेला जाणार नाही. पुरवणीतली कात्रणं काढून वहीत चिकटवणारी माणसं आमच्या नाशकात अजून आहेत, मी त्यातलीच एक, त्यामुळे तुम्ही जे छापता ते लोक वर्षानुवर्षं तसंच्या तसं करत राहतात हे मला माहितीये. म्हणून हा पत्रप्रपंच.

आधी त्या पावडरीबद्दल बोलते. पाकिटामागे जी घटकांची यादी असते ती आपल्याकडच्या नियमाप्रमाणे वजनाच्या उतरत्या क्रमाने लिहावी लागते, म्हणजे जे सगळ्यात जास्त ते पहिलं. बहुतेक ड्रिंकिंग चॉकलेटच्या डब्यांवर पहिला शब्द साखर असतो, कोको त्याच्या नंतर. म्हणजे रेसिपीत लिहिलेली ती वरची साखर ही साखरेत घातलेली साखर झाली. जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ मध्येच सांगितलंय की वरून घातलेली साखर रोजच्या एकूण कॅलरीच्या १० टक्क्यांच्या आत हवी आणि ५ टक्क्यांच्या आत ठेवली तर अजून चांगलं, ते ५ टक्के म्हणजे मोठ्या माणसाला दिवसाला साधारण २५ ग्रॅम. पुरवणीतल्या एका कपातच त्यातला केवढा वाटा संपतो हिशोब करून बघा. आणि मुलांना ताकद येते म्हणून देणारे आईबाप अजूनही भेटतात, २०२४ च्या एप्रिलमध्ये एफएसएसएआयने, म्हणजे अन्नसुरक्षा बघणाऱ्या सरकारी संस्थेने, ऑनलाइन विकणाऱ्या कंपन्यांना स्पष्ट सांगितलं होतं की अशी दुधात मिसळायची पेयं हेल्थ ड्रिंक या नावाखाली दाखवू नका, कायद्यात हेल्थ ड्रिंक अशी काही व्याख्याच नाहीये. ही बातमी सगळ्या पेपरात आली होती, मग रेसिपीच्या पानाला ती माहीत नसावी असं कसं होईल?

आता घरी नीट कसं करायचं ते सांगते, कारण नुसती तक्रार करून उपयोग नाही. दोन मोठ्या कपांसाठी फुल क्रीम दूध ४०० मिली, बिनसाखरेची कोको पावडर १५ ग्रॅम, साखर २० ते २५ ग्रॅम, डार्क चॉकलेट ५० ग्रॅम, आणि मीठ अगदी चिमूटभर. बस, एवढंच. साखर दिसायला तेवढीच वाटेल पण ती दोन कपांत मिळून आहे, आणि चॉकलेटमध्ये थोडी साखर असतेच म्हणून ७० टक्के कोकोवालं घेतलं तर २५ घाला आणि ५५ टक्केवालं असेल तर २० सुद्धा पुष्कळ होते.

कोको पावडर डायरेक्ट गरम दुधात टाकली की ती वर तरंगते आणि कितीही ढवळा, बारीक बारीक गुठळ्या राहतातच. कारण कोकोमध्ये १० ते १२ टक्के तरी फॅट असतं, ते पाण्याला लवकर जवळ येऊ देत नाही. म्हणून आधी पातेल्यात कोको, साखर आणि मीठ कोरडंच मिसळायचं, साखरेच्या दाण्यांनी कोको सुटी होते, मग त्यात चार चमचे कडकडीत गरम पाणी थोडं थोडं घालत गुळगुळीत पेस्ट करायची, पिठल्याला बेसन कालवतो ना तसंच. ही पेस्ट मंद गॅसवर अर्धा मिनिट खदखदू द्यायची. ही पायरी कृपया कुणी गाळू नका, कोकोचा खरा वास इथे सुटतो, कच्चट धुळकट चव जाते, आणि रंगसुद्धा खोल होतो. माझ्या मते अख्ख्या रेसिपीत सगळ्यात महत्त्वाचं हे अर्धं मिनिट आहे आणि नेमकं तेच कोणी छापत नाही.

कोको दोन प्रकारची मिळते, एक नॅचरल, फिक्की तपकिरी आणि जराशी आंबट, दुसरी अल्कलाइज्ड म्हणजे आंबटपणा कमी करायला क्षाराची (अल्कलीची) प्रक्रिया केलेली, डच पद्धतीची, गडद आणि चवीला सौम्य. डच असेल तर पाकिटावर घटकांमध्ये ५०१ किंवा ५०० असा त्या क्षाराचा आकडा दिसतो. ड्रिंकसाठी मला डचच आवडते, ती दुधात छान मिसळते. याचा उगम पण मजेशीर आहे, पूर्वी चॉकलेट म्हणजे प्यायचीच गोष्ट होती, मेक्सिकोकडे हजारो वर्षं लोक पीतच होते, पण कोकोच्या बियांत निम्म्याच्या आसपास फॅट असल्यामुळे त्यावर तेलकट तवंग यायचा. १८२८ मध्ये नेदरलँड्सच्या व्हॅन हाउटेन यांनी दाब देऊन ते फॅट काढायचं मशीन आणलं, उरलेल्या ढेपेची पावडर झाली आणि तिच्यावर अल्कलीची प्रक्रिया करून ती पाण्यात मिसळण्यासारखी केली. आपण खातो तो चॉकलेटचा बार त्यानंतर, १८४७ मध्ये इंग्लंडातल्या ब्रिस्टलच्या फ्राय कंपनीने काढला. म्हणजे पेय आधीचं आणि बार नंतरचा.

पेस्ट झाली की दूध घालायचं. दूध कुठलं हे पुरवणीत लिहिलेलंच नाही, आणि सगळा फरक तर तिथेच पडतो. टोन्ड दुधात फॅट ३ टक्के, डबल टोन्डमध्ये दीड टक्का, फुल क्रीममध्ये ६ टक्के. डबल टोन्डचं हॉट चॉकलेट पातळच लागणार आणि मग बाई कॉर्नफ्लॉवरचा डबा शोधणार. ज्यांच्याकडे अजून गवळ्याचं म्हशीचं दूध येतं त्यांनी तर दुसरा विचारच करू नये, त्याच्याइतकं भारी काही नाही. अजून दाट हवं असेल तर दूध आटवा! कोजागिरीला आपण मसाला दूध आटवतोच ना, ते काय कुणी शिकवायला लागतं का, ४०० मिलीचं साडेतीनशे होईपर्यंत मंद आचेवर ढवळत राहिलं की अंगची गोडीपण वाढते, मग साखर अजून थोडी कमी करता येते.

दुधाला कडेने बुडबुडे यायला लागले, वाफ दिसली की गॅस बंद करा आणि चाकूने बारीक चिरलेलं चॉकलेट त्यात टाका. मिनिटभर हात लावू नका, मग ढवळा. कोको बटर, म्हणजे कोकोच्या बियांतलं फॅट, आपल्या अंगाच्या उष्णतेपेक्षाही जरा कमी, ३४ डिग्रीच्या आसपासच वितळतं, त्याला उकळीची गरजच नाही, उलट गॅस मोठा ठेवला तर चॉकलेट तळाला जाऊन लागतं आणि तो करपट वास मग सगळ्या पातेल्याला येतो. विरघळलं की परत मंद गॅसवर दोन-तीन मिनिटं ठेवून रवीने घुसळा. हो, रवीनेच. मेक्सिकोत यासाठी मोलिनिलो नावाची लाकडी रवीच असते, दोन्ही तळव्यांत धरून फिरवतात आणि वर फेस आणतात. घरात ताकाची छोटी रवी असेल तर दुधाला फेस आणणारा महागडा फ्रॉदर घ्यायचं काही कारण नाही, फेस मस्त येतो आणि साय पण धरत नाही.

कोकोमध्ये स्वतःचा स्टार्च असतो, तो गरम झाल्यावर फुगतो, त्यामुळे वरच्या मापाने केलं तर कॉर्नफ्लॉवरशिवाय दाटपणा येतोच. इटलीत मात्र चमच्याने खाण्याइतकं दाट करतात, स्पेनमध्ये माद्रिदला चुरो (तळलेल्या पिठाच्या कांड्या) बुडवून खायला तसंच दाट लागतं, तिथे स्टार्च घालतात हे खरंय. तसं हवं असेल तर चहाचा एक सपाट चमचा कॉर्नफ्लॉवर गार दुधात कालवून चॉकलेट घालण्याच्या आधीच दुधात घाला आणि एक उकळी येऊ द्या, नाहीतर कच्च्या पिठाची चव राहते. पण चॉकलेट कमी घालून त्याची भरपाई कॉर्नफ्लॉवरने करायची हे मला अजिबात पटत नाही.

चॉकलेट घेताना एक गोष्ट फार जपा. बेकिंगच्या दुकानात जे अर्धा किलोचे स्लॅब स्वस्तात मिळतात ते बहुतेक डार्क कंपाउंड असतं. त्यात कोको बटर काढून त्याच्या जागी हायड्रोजनेटेड व्हेजिटेबल फॅट घातलेलं असतं. केकवर ओतायला, मोल्डमध्ये घालायला ते सोपं आहे, त्याला माझी ना नाही, पण दुधात घातलं तर जिभेवर मेणासारखा थर बसतो आणि चव काही येत नाही. पाकीट उलटं करून बघा, कोको मास (वाटलेल्या कोकोच्या बिया) किंवा कोको सॉलिड्स आणि कोको बटर लिहिलं असेल तर घ्या, हायड्रोजनेटेड दिसलं तर ठेवून द्या. आणि कोको काही फक्त परदेशातच होते असं नाही, केरळ, आंध्र, कर्नाटक, तमिळनाडूत नारळ-सुपारीच्या बागांमध्ये कोकोची झाडं आहेत, सुपारी आणि कोको शेतकऱ्यांची कॅम्पको ही सहकारी संस्था १९७३ पासून आहे आणि कर्नाटकात पुत्तूरला १९८६ पासून तिचा चॉकलेटचा कारखाना चालू आहे. आता तर इथल्याच बियांपासून बार करणारे छोटे छोटे लोक पण बरेच झालेत. अशा बारचं हॉट चॉकलेट करून बघा, काहींना फळासारखी आंबटसर चव असते, दुधात ती फार सुंदर लागते.

मसाल्याचं म्हणाल तर दालचिनीचा तुकडा दुधात उकळवून काढून टाकला तर छान, मेक्सिकोत घालतातच. कोकणातलं जायफळ दोनदा किसणीवर फिरवलं तरी पुरे. वेलची मात्र नको, ती चॉकलेटला बोलूच देत नाही. कॉफी अगदी पाव चमचा घातली तर कॉफीची चव न येता चॉकलेट अजून गडद लागतं, पण ते मोठ्यांसाठी. कोकोमध्ये मुळातच थोडं कॅफिन आणि त्याच्याच जातीचं थिओब्रोमीन असतं, त्यामुळे लहान मुलांना अर्धा कप द्या आणि संध्याकाळीच द्या, झोपायच्या वेळी नको.

अजून एक विनंती, रेसिपीत चमचे लिहिताना कुठला चमचा ते लिहीत जा. चहाचा चमचा ५ मिलीचा, पोहे खायचा त्याच्या दुप्पट, आणि मापाचा मोठा टेबलस्पून १५ मिलीचा. कोकोच्या बाबतीत एवढा फरक म्हणजे एकीकडे पाणचट आणि दुसरीकडे कडूजहर. आता घरोघरी किचनचे छोटे वजनकाटे आलेत, ग्रॅममध्ये छापायला काहीच हरकत नाही. आणि कॅफेमध्ये एका कपाला दोनशे रुपये घेतात तेव्हा निदान घरी करणाऱ्याला तरी त्याच्या तोडीचं किंवा जास्तच चांगलं करता आलं पाहिजे, सामान काही फार लागत नाही हे तुम्ही वर बघितलंच.

निफाडचा पारा खाली गेल्याच्या बातम्या तुम्ही पहिल्या पानावर देता, तेव्हा थंडी अजून महिनाभर तरी आहे. तेवढ्यात पुरवणीत ही रेसिपी दुरुस्त करून परत छापा, माझं नाव नाही टाकलं तरी चालेल. आणि उरलेलं हॉट चॉकलेट फेकू नका असंही खाली एका ओळीत टाका, फ्रिजमध्ये दोन दिवस छान राहतं, गार झाल्यावर घट्ट होतं, थोडं दूध घालून मंद गॅसवर परत घुसळलं की झालं.

आपली,
एक नियमित वाचक, नाशिक