जमशिद नासिरीचे गोल मोजा : केंद्रीय क्रीडामंत्र्यांना खुलं पत्र

मा. केंद्रीय युवा व्यवहार व क्रीडामंत्री,
नवी दिल्ली

सप्रेम नमस्कार.

२९ जानेवारी २०२२ ची संध्याकाळ. मी मुंबईत घरी टीव्हीसमोर बसलो होतो. सामना गोव्यात, फातोर्ड्याच्या नेहरू स्टेडियमवर. करोनामुळे त्या मोसमात इंडियन सुपर लीगचे सगळे सामने गोव्यातच होत होते आणि स्टँड रिकामे असायचे. एटीके मोहन बागान विरुद्ध ईस्ट बंगाल. ईस्ट बंगाल एका गोलनं पुढे होतं. एकसष्टाव्या मिनिटाला बागाननं एकवीस वर्षांचा एक पोरगा राखीव बाकावरून उठवून मैदानात पाठवला. तीन मिनिटांत त्यानं बरोबरी साधून दिली. नव्वद मिनिटं उलटल्यावर, भरपाईच्या वेळेत, पाठोपाठ आणखी दोन. सामना ३-१. पोराचं नाव कियान नासिरी.

नासिरी हे नाव ऐकलं आणि मी उठून उभाच राहिलो. घरातल्यांना कळेना काय झालं. मी म्हणालो, "अरे, हा जमशेदचा मुलगा!"

मंत्रिमहोदय, हे पत्र त्या जमशेदबद्दल आहे. खरं नाव जमशिद नासिरी. इराणी सेंटर फॉरवर्ड. कियाननं ज्या ईस्ट बंगालवर तीन गोल चढवले, त्याच ईस्ट बंगालचा १९८० च्या दशकातला लाडका गोलवीर. मुलाचे तीन गोल कोणत्या मिनिटाला झाले, हे मी तुम्हाला बसल्या जागी सांगू शकतो, कारण ते नोंदलेले आहेत, चित्रित आहेत, कुणीही केव्हाही पाहू शकतो. बापाबद्दल सगळे सांगतात की भारतात शंभर गोल करणारा तो पहिला परदेशी खेळाडू. मी ते शंभर गोल शोधायला निघालो होतो. सामन्यांच्या तारखा, प्रतिस्पर्धी आणि मिनिटं यांसह त्या गोलांची एकत्र अशी अधिकृत यादी मला कुठेही मिळाली नाही.

माझी विनंती एवढीच आहे की ते गोल मोजले जावेत. त्याचे, आणि त्याच्यासारख्या सगळ्यांचे.

आधी तो इथे कसा आला ते सांगतो. जमशिद आणि त्याचा मित्र मजीद बिश्कर हे दोघे फुटबॉल खेळून पैसे कमवायला भारतात आले नव्हते. ते अलीगढ मुस्लिम विद्यापीठात शिकायला आले होते. तिकडे इराणात १९७९ मध्ये क्रांती झाली. सप्टेंबर १९८० मध्ये इराकशी युद्ध पेटलं, ते पुढे आठ वर्षं चाललं. आणि इकडे हे दोघे, सोबत मेहमूद खबाजी हा तिसरा इराणी, १९८० च्या मोसमात ईस्ट बंगालची लाल-सोनेरी जर्सी घालून कोलकात्यात खेळत होते. त्या वर्षी ईस्ट बंगालचे अनेक नावाजलेले खेळाडू क्लब सोडून गेले होते. प्रशिक्षक होते पी. के. बॅनर्जी, १९६२ च्या जाकार्ता एशियाडमधल्या सुवर्णपदकाचे एक शिल्पकार. उरलीसुरली माणसं आणि ही तीन परदेशी पोरं घेऊन त्यांनी संघ उभा केला. त्या संघानं त्या वर्षीचा फेडरेशन कप मोहन बागानसोबत संयुक्तपणे जिंकला. त्याच वर्षी १६ ऑगस्टला ईडन गार्डन्सवर या दोन क्लबांच्या सामन्यात चेंगराचेंगरी होऊन १६ प्रेक्षकांचा जीव गेला होता. कोलकात्याच्या मैदानावर तेव्हा केवढं दुःख साचलं असेल, याची मी कल्पनाच करू शकतो. बंगाली मित्र सांगतात की त्या वर्षी मजीद-जमशिद नसते तर लोक मैदानाकडे फिरकलेच नसते.

मजीद कलाकार होता. चेंडू पायाला चिकटल्यासारखा घेऊन जायचा, चार जणांच्या मधून वाट काढायचा. जमशिद उंचापुरा, मजबूत बांध्याचा, गोलसमोर योग्य वेळी योग्य जागी असणारा. एकानं रचायचं, दुसऱ्यानं पुरं करायचं. असल्या जोडीत दाद नेहमी रचणाऱ्याच्या वाट्याला जास्त जाते, तशी ती मजीदच्या वाट्याला गेली. पुरं करणाऱ्याच्या हाती शेवटी आकडेच उरतात. म्हणून जमशिदच्या बाबतीत आकडे हरवणं मला जास्त लागतं.

मी त्याला पाहिलं ते मुंबईत. १९८० चा रोव्हर्स कप, कूपरेज मैदान. मी तेरा वर्षांचा होतो. मामा गिरणीत कामाला होता आणि गिरणीच्या फुटबॉल संघात हाफबॅक खेळायचा. तोच मला चर्चगेटला उतरून चालत कूपरेजला घेऊन गेला. रोव्हर्स कप म्हणजे १८९१ पासूनची स्पर्धा, देशातल्या सर्वांत जुन्या स्पर्धांपैकी एक. कोलकात्याचे क्लब आले की मुंबईतले सगळे बंगाली एका बाजूला बसायचे आणि आम्ही गिरणगावातली माणसं दुसऱ्या बाजूला. जमशेद हे नाव ऐकून मला वाटलं, हा आपल्या नाक्यावरच्या इराणी हॉटेलवाल्याचा कुणीतरी असणार. मामानं सांगितलं, "नाही रे, हा खराखुरा इराणहून आलाय." तेव्हापासून ब्रुन मस्का खायला गेलो की मी गल्ल्यावरच्या म्हाताऱ्या इराणीबाबांना जमशेदच्या बातम्या द्यायचो. ते खूश व्हायचे.

त्या वर्षीचा रोव्हर्स कप ईस्ट बंगाल आणि मोहम्मेडन स्पोर्टिंग यांना संयुक्तपणे मिळाला. घरी येताना लोकलमध्ये मामानं खिशातून वही काढली आणि नोंद केली. पाहिलेल्या प्रत्येक सामन्याची तो नोंद करायचा. संघ, गोल, कुणी केला, कुणाच्या पासवर. अक्षर मोत्यासारखं. जानेवारी १९८२ मध्ये गिरण्यांचा संप सुरू झाला, मामाचा संघ गेला, नोकरी गेली, पण वही चालू राहिली. गावी परत जायला त्यानं नकार दिला, कुर्ल्यात मिळेल ते काम केलं आणि रोव्हर्सला जात राहिला.

२६ जुलै २००५ च्या पुरात मामाच्या तळमजल्यावरच्या खोलीत छातीइतकं पाणी होतं. वही लोखंडी पेटीत होती, पेटी पलंगाखाली. पाणी ओसरल्यावर आम्ही पानं सुटी करायचा प्रयत्न केला. बहुतेक एकमेकांना चिकटून लगदा झाली होती. शाई फुटली होती. वाचता येतील अशी एकोणीस पानं उरली, त्यांत १९८० चं एकही नाही.

मामा गेल्यावर मी ठरवलं की ती पानं पुन्हा भरून काढायची. एका संघटनेच्या कार्यालयात गेलो, जुन्या सामन्यांची कागदपत्रं पाहायला मिळतील का म्हणून. माणूस सज्जन होता, चहा पाजला. कपाट उघडून दाखवलं. खालचे दोन खण वाळवीनं खाल्लेले. "पूर्वीच्या लोकांनी काय ठेवलं होतं कुणास ठाऊक," तो म्हणाला. त्याच्यावर माझा राग नाही. त्याला कुणी कधी सांगितलंच नव्हतं की हे जपायचं असतं.

जुनी वर्तमानपत्रं चाळली. तिथे आणखी एक अडचण. एका पेपरात जमशेद, दुसऱ्यात जमशीद, तिसऱ्यात नुसताच नासिरी, कुठे नाझिरी. कुठे फक्त "इराणी खेळाडूने". बंगाली पेपरात वेगळंच. गोल नक्की कुणाच्या नावावर घालायचा हे ठरवायला दोन-तीन वृत्तांत शेजारी ठेवून वाचावे लागतात. आणि मी एकटा माणूस, पेन्शनर, मला कोलकात्याला जाऊन नॅशनल लायब्ररीत महिनोन् महिने बसता येत नाही.

हे माझ्या छंदापुरतं नाही, हे आपल्या लक्षात यावं म्हणून थोडं विस्तारानं लिहितो. आपल्याकडे राष्ट्रीय फुटबॉल लीग सुरू झाली १९९६ मध्ये. त्याआधी देशाचं क्लब फुटबॉल म्हणजे स्थानिक लीग आणि या स्पर्धा : ड्युरंड, रोव्हर्स, आयएफए शिल्ड, डीसीएम, १९७७ पासून फेडरेशन कप. आजच्या हिशेबात त्या काळाला जागाच नाही. "भारतात सर्वाधिक गोल" अशी यादी निघाली की ती लीगपासून, बरेचदा सुपर लीगपासून सुरू होते. म्हणजे जमशिद, त्याच्यानंतर असाच शिकायला येऊन गोलांचा पाऊस पाडणारा नायजेरियाचा चिमा ओकोरी, आणि त्याआधीची आपली सगळी भारतीय पिढी, यादीच्या बाहेर. रोव्हर्स कप तर २००१ नंतर झालाच नाही. एकशेदहा वर्षांची स्पर्धा बंद पडली, आणि तिच्या गोलांचा पूर्ण हिशेब कुठे आहे हे मला अजून कुणी सांगू शकलेलं नाही.

क्रिकेटकडे पाहा. रणजी करंडक १९३४ मध्ये सुरू झाला. तेव्हाच्या सामन्यात कुणी किती धावा केल्या, कुणी झेल घेतला, हे आज शाळकरी मुलगाही शोधून काढतो. कारण कुणीतरी ते आकडे जपले.

आणि इराणकडेच पाहा. अली दाई हा त्यांचा महान खेळाडू. आंतरराष्ट्रीय गोलांचा त्याचा विक्रम २०२१ मध्ये रोनाल्डोनं मोडेपर्यंत टिकला. त्याचे गोल वर्षानुवर्षं १०९ म्हणून सगळीकडे छापले जात होते. मग त्यातल्या एका गोलावर प्रश्न उभा राहिला आणि आकडा १०८ धरला जाऊ लागला. एका गोलासाठी जगभरचे अभ्यासक जुनी कागदपत्रं घेऊन भांडतात. त्याच देशातून आलेल्या, आपल्या मातीत खेळलेल्या माणसाच्या शंभर गोलांसाठी आपण एक फाईलही उघडलेली नाही.

ईस्ट बंगालनंतर जमशिद मोहम्मेडन स्पोर्टिंगकडून खेळला, पुन्हा ईस्ट बंगालकडे आला. १९८५ मध्ये फेडरेशन कप जिंकणाऱ्या ईस्ट बंगालमध्ये तो होता. मजीद पुढे इराणला परतला. ऑगस्ट २०१९ मध्ये ईस्ट बंगालच्या शताब्दीसाठी तो तीन दशकांनी कोलकात्यात आला तेव्हा विमानतळावर एवढी गर्दी उसळली की त्याला बाहेर पडणं मुश्किल झालं. त्या गर्दीतल्या निम्म्या मुलांनी त्याचा एकही सामना पाहिलेला नसणार. त्यांच्या बापांनी, आजोबांनी सांगितलेलं ऐकून ती आली होती. जमशिद मात्र परत गेलाच नाही. त्यानं कोलकात्यात घर केलं, इथलाच झाला. त्याचा मुलगा कोलकात्यात जन्मला, भारतीय म्हणून वाढला आणि त्यानं डर्बीत, म्हणजे ईस्ट बंगाल-बागान सामन्यात, हॅटट्रिक केली. इतका मोठा विश्वास एखादा खेळाडू एखाद्या देशावर टाकतो, तेव्हा त्याच्या कामाची नीट नोंद ठेवणं ही त्या देशाची जबाबदारी होते, असं मला मनापासून वाटतं.

आता नेमकं काय करता येईल ते लिहितो. २०२५ मध्ये संसदेनं राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायदा मंजूर केला. क्रीडा महासंघांना मान्यता देण्याचं काम राष्ट्रीय क्रीडा मंडळाकडे आलं. त्या मान्यतेच्या अटींत एक अट घाला : महासंघानं आणि त्याच्या राज्य संघटनांनी आपल्याकडची जुनी कागदपत्रं, गुणफलक, संघांच्या याद्या, जे काही उरलं असेल ते, स्कॅन करून एका ठिकाणी जमा करावं. वाळवीनं अर्धं खाल्लेलंसुद्धा चालेल. दुसरं, चार-पाच तरुण अभ्यासक नेमा. बंगाली, मराठी, कोकणी, मल्याळम, उर्दू, इंग्रजी वाचता येणारे. त्यांना दोन-तीन वर्षं ग्रंथालयांत बसू द्या. १९३७ मध्ये अखिल भारतीय फुटबॉल महासंघ स्थापन झाला, तिथपासून १९९६ पर्यंतच्या प्रमुख स्पर्धांचा एकेक सामना नोंदवा. जिथे शंका असेल तिथे शंका आहे असंच लिहा, पण लिहा. याला स्टेडियम बांधण्याइतका पैसा लागत नाही.

आणि तिसरं, सर्वांत घाईचं. माणसं जात आहेत. पी. के. बॅनर्जी २०२० च्या मार्चमध्ये गेले, त्यांच्याच पिढीचे फुटबॉलपटू चुनी गोस्वामी एप्रिलमध्ये. फुटबॉलपटू आणि प्रशिक्षक सुभाष भौमिक २२ जानेवारी २०२२ ला गेले, कियानच्या त्या सामन्याच्या बरोबर एक आठवडा आधी. यांच्या डोक्यात जे सामने होते ते त्यांच्यासोबत गेले. जे आहेत त्यांच्यासमोर आजच रेकॉर्डर ठेवा. सुरुवात जमशिद नासिरीपासून करा. त्याला विचारा, अलीगढच्या हॉस्टेलातून कोलकात्याच्या ट्रेनमध्ये बसताना खिशात काय होतं. घरी युद्ध चालू असताना पत्रं कशी यायची. कूपरेजच्या मैदानावर चेंडू कसा उसळायचा. आणि कोणते गोल त्याला स्वतःला आठवतात, कुणाविरुद्ध, कुठल्या गोलपोस्टमध्ये. तो सांगेल तशी एक यादी होईल. पेपरांतून दुसरी होईल. दोन्ही शेजारी ठेवून तपासता येतील.

मामाच्या वहीची उरलेली एकोणीस पानं मी प्लॅस्टिकच्या पाकिटांत घालून ठेवली आहेत. त्यांत रोव्हर्सचे काही नंतरचे सामने आहेत, गोल करणाऱ्यांच्या नावांसह. आपल्या कार्यालयातून कुणी हे काम हाती घेणार असेल, तर मी ती मूळ पानं घेऊन स्वखर्चानं दिल्लीला किंवा कोलकात्याला यायला तयार आहे.

कळावे.

आपला नम्र,
कूपरेजचा एक जुना प्रेक्षक,
मुंबई