पॉलीन ब्लॅक फक्त गायिका नव्हेत

महोदय,

स्का या जमैकात जन्मलेल्या नृत्यसंगीताच्या ब्रिटिश अवताराचा विषय निघाला की मॅडनेस आणि द स्पेशल्स या बँडपाशीच गाडी थांबते. पॉलीन ब्लॅक यांचं नाव राहून जातं, याची मला मनापासून खंत वाटते. कॉव्हेंट्रीच्या रुग्णालयात एक्स-रे काढणारी ही मुलगी १९७९ मध्ये द सिलेक्टर बँडची गायिका झाली. अंगात पुरुषी सूट, डोक्यावर करडी हॅट आणि समोर पुरुषांनीच भरलेलं स्का-विश्व! त्याच वर्षी त्यांचं ‘ऑन माय रेडिओ’ हे गाणं ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत आठव्या क्रमांकावर गेलं.

पुढे बँड फुटला, तरी त्या हातावर हात ठेवून बसल्या नाहीत. अभिनयाकडे वळल्या. रंगभूमीवर वर्णद्वेष सोसलेली कृष्णवर्णीय अमेरिकी जाझ गायिका बिली हॉलिडे साकारली आणि त्या भूमिकेसाठी ‘टाइम आउट’ या लंडनच्या नियतकालिकाचा पुरस्कार मिळवला. गोऱ्या कुटुंबात दत्तक म्हणून वाढलेल्या कृष्णवर्णीय पॉलीन यांनी ‘ब्लॅक’ हे आडनाव स्वतः निवडलं, हे मला त्यांच्या सगळ्या गाण्यांइतकंच मोलाचं वाटतं. हॉलिडेचं दुःख त्यांनी बाहेरून उसनं आणलं नसणार.

आपल्या संगीतविषयक पानावर त्यांच्यावर सविस्तर लेख यावा, ही आग्रहाची विनंती.

— एक नियमित वाचक, पुणे